‘आमच्याकडे तर ॲप उघडतंय’: लाँच क्रॅशमुळे ॲपलने परत पाठवलेल्या ॲपची दुरुस्ती

गाइडलाइन २.१, ॲप कम्प्लिटनेस. ॲप स्टोअर कनेक्टमध्ये, म्हणजे ॲपलच्या डेव्हलपरांसाठीच्या संकेतस्थळावर, या मथळ्याखाली छोटासा निरोप येतो: तुमचं ॲप उघडताच बंद पडलं, उपकरण अमुक आयपॅड, आयपॅडओएस तमुक, क्रॅश लॉग सोबत जोडले आहेत. तुम्ही तेच ॲप स्वतःच्या फोनवर दहा वेळा उघडता आणि ते दहाही वेळा उघडतं. मग बरेच जण ‘आमच्याकडे व्यवस्थित चालतं, कृपया पुन्हा तपासा’ असं लिहून तोच बिल्ड (ॲपची तयार फाइल) परत पाठवतात. दुसऱ्या दिवशी तोच निरोप परत येतो.

ॲप तपासणाऱ्या ॲपलच्या माणसाचा, म्हणजे रिव्ह्यूअरचा, फोन आणि तुमचा फोन यांत फरक काय, एवढंच शोधायचं असतं. त्याच्या फोनला डीबगर (चुका शोधण्याचं साधन) जोडलेला नसतो. बिल्ड रिलीजचा, म्हणजे ग्राहकांसाठीचा, असतो, ॲप तिथे पहिल्यांदाच बसत असतं, आधीचं लॉगिन नसतं, नेटवर्क भारताबाहेरचं असतं आणि पुष्कळदा हातात आयफोन नसून आयपॅड असतो. तुमचा फोन मात्र सहा महिने त्याच ॲपवर घासून गुळगुळीत झालेला.

आधी लॉग, मग कोड

निरोपाला जोडलेली लॉगची फाइल उतरवून घ्या. आयओएस १५ पासूनचे लॉग जेसन रूपात असतात आणि त्यांचं एक्स्टेन्शन ‘आयपीएस’ असतं. पुष्कळदा त्याच्या मागे ‘टीएक्सटी’ चिकटलेलं असतं. ते काढून टाका, म्हणजे एक्सकोडला (ॲप बनवण्याचं ॲपलचं साधन) फाइल ओळखता येईल.

पहिल्या काही ओळींत बरंच काही कळतं. ‘व्हर्जन’च्या ओळीत कंसातला आकडा बिल्ड क्रमांक असतो. तो तुम्ही शेवटी पाठवलेल्या बिल्डचाच आहे ना? जुना बिल्ड निवडून सबमिट केल्याची चूक वाटते त्यापेक्षा जास्त होते. ‘हार्डवेअर मॉडेल’ आणि ‘ओएस व्हर्जन’ टिपून ठेवा. मग ‘लाँच टाइम’ आणि ‘डेट/टाइम’ या दोन वेळांची वजाबाकी करा. ही वजाबाकी फारसं कुणी करत नाही, आणि निदान निम्मं तिथेच होतं. फरक सेकंदाच्या आतला असेल तर फ्रेमवर्क (ॲपला जोडलेली कोड लायब्ररी) सापडलं नाही किंवा ॲप डेलिगेटच्या, म्हणजे ॲप सुरू होताना चालणाऱ्या कोडच्या, पहिल्या काही ओळींत काही फुटलं. दोन-चार सेकंद असतील तर सर्व्हरचं पहिलं उत्तर आल्यावर फुटलं असण्याची शक्यता मोठी. वीस सेकंदांच्या आसपास असेल तर ॲप स्वतःहून पडलेलं नाही, सिस्टिमने ते मारलं आहे.

लॉगमध्ये फंक्शनच्या नावांऐवजी नुसते मेमरीचे पत्ते दिसत असतील तर त्या पत्त्यांची नावं सांगणारी डी-सिम फाइल हवी. एक्सकोडच्या ऑर्गनायझरमध्ये त्या बिल्डचा अर्काइव्ह (जपून ठेवलेली प्रत) असतो. उजवी क्लिक करून फाइंडरमध्ये दाखवा, पॅकेज उघडा, आत डी-सिमचं फोल्डर मिळेल. लॉगच्या शेवटी ‘बायनरी इमेजेस’च्या यादीत तुमच्या ॲपसमोर युयूआयडी (त्या बिल्डचा ओळख क्रमांक) असतो. टर्मिनलमध्ये ‘डवार्फडम्प’ ही आज्ञा युयूआयडीच्या पर्यायासह डी-सिमवर चालवली की येणारा क्रमांक तोच असला पाहिजे. तो जुळला की लॉग एक्सकोडच्या डिव्हाइस लॉगच्या खिडकीत ओढून टाका, नावं आपोआप उमटतात. नाही उमटली तर ‘एटॉस’ या आज्ञेला लोड ॲड्रेस आणि पत्ता देऊन एकेक ओळ सोडवा. सर्व्हरवर बिल्ड करत असाल तर प्रत्येक बिल्डची डी-सिम जपून ठेवण्याची सोय आजच करा. तोच कोड पुन्हा बिल्ड करून मिळालेल्या डी-सिमचा क्रमांक जुळेलच याची खात्री नसते.

वाचताना ‘लास्ट एक्सेप्शन बॅकट्रेस’ असेल तर आधी तो पाहा, नंतर क्रॅश झालेला थ्रेड. वरून खाली येताना तुमच्या ॲपचं नाव असलेली पहिली ओळ धरायची. वरच्या सिस्टिमच्या ओळी पाहून ‘हा ॲपलचाच बग’ म्हणण्याचा मोह होतो. तो टाळा.

एक्सेप्शनच्या प्रकारावरून दिशा कळते. ‘सिगट्रॅप’सह ब्रेकपॉइंट म्हणजे स्विफ्टनेच (ॲपलची प्रोग्रामिंग भाषा) ॲप थांबवलं: रिकाम्या ऑप्शनलवर (किंमत नसूही शकेल अशा व्हेरिएबलवर) उद्गारचिन्ह, ॲरेच्या बाहेरचा क्रमांक, उद्गारचिन्ह लावलेला ‘ट्राय’ किंवा ‘ॲज’. ‘सिगअबॉर्ट’ म्हणजे बहुधा कुणीही न पकडलेलं ऑब्जेक्टिव्ह-सी एक्सेप्शन. ‘टर्मिनेशन रीझन’मध्ये ‘डीवायएलडी’ दिसलं तर लायब्ररी सापडली नाही, ‘टीसीसी’ दिसलं तर परवानगीचा मजकूर राहिला. आणि तिथे 0x8badf00d हा हेक्साडेसिमल कोड दिसला, ज्याचा उच्चार ॲपलचे लोकच ‘एट बॅड फूड’ असा करतात, तर वॉचडॉगने, म्हणजे वेळेत प्रतिसाद न देणारं ॲप बंद करणाऱ्या सिस्टिमच्या पहारेकऱ्याने, ॲप मारलं.

लॉग जोडलेलाच नसेल तर त्याच धाग्यात उत्तर देऊन मागून घ्या. लॉग निर्माणच झाला नाही असंही होतं. जेलब्रेक किंवा छेडछाड ओळखणारा कोड संशय आल्यावर ‘एक्झिट’ बोलावून ॲप बंद करतो. क्रॅश लॉग उठत नाही, आणि समोरच्याला मात्र ते क्रॅशच दिसतं. पैशांच्या व्यवहाराच्या ॲपमध्ये ही तपासणी हमखास असते. ॲप बंद करण्याऐवजी कारण सांगणारा पडदा दाखवा.

रिव्ह्यूअरचा फोन घरी उभा करा

एक्सकोडमधून ‘रन’ दाबून केलेली चाचणी इथे उपयोगाची नाही. तिथे बिल्ड डीबगचा असतो, आणि डीबगर जोडलेला असताना वॉचडॉग गप्प बसतो. सिम्युलेटरवरही तो नसतोच. म्हणून जो अर्काइव्ह स्टोअरला पाठवला तोच टेस्टफ्लाइटवरून (ॲपलची चाचणीची सेवा) घ्या. अंतर्गत टेस्टर शंभरपर्यंत जोडता येतात आणि त्यांच्यासाठी बीटा रिव्ह्यूची वाट पाहावी लागत नाही. मग या क्रमाने चला:

१. ज्यावर हे ॲप कधीच बसलं नाही असं उपकरण घ्या. ॲप डिलीट केल्याने यूझर डिफॉल्ट्स (ॲपच्या साठवलेल्या आवडीनिवडी) पुसले जातात, कीचेन (पासवर्ड-टोकन ठेवण्याची तिजोरी) पुसली जात नाही. तुमच्या फोनवर जुनं टोकन (लॉगिनची खूण) तसंच राहतं आणि ‘टोकन असणारच’ असं गृहीत धरणारी ओळ कधीच फुटत नाही. नवं उपकरण नसेल तर जुनं पूर्ण इरेज करा, किंवा निदान सिम्युलेटर इरेज करून रिलीज कॉन्फिगरेशनने चालवा. याची उलटी बाजूही आहे: डिलीट करून पुन्हा घेणाऱ्या ग्राहकाकडे ‘पहिल्यांदाच उघडतोय’ ही खूण असते, शिवाय जुनं टोकनही असतं. त्या जोडीसाठीही कोड तयार हवा.

२. आयपॅडवर उघडा. ‘आमचं ॲप फक्त आयफोनसाठी आहे’ हे उत्तर चालत नाही. आयफोनचं ॲप शक्य तिथे आयपॅडवरही चाललं पाहिजे, असं गाइडलाइन २.४.१ सांगते.

३. भाषा इंग्रजी, प्रदेश अमेरिका, टाइम झोन क्यूपर्टिनो, म्हणजे ॲपलच्या मुख्यालयाचं गाव. त्यानंतर घड्याळाचं १२/२४ तासांचं बटण उलटं करून पुन्हा एकदा.

४. नेटवर्क बदला: आधी एअरप्लेन मोड, मग डेव्हलपर सेटिंगमधल्या नेटवर्क लिंक कंडिशनरने अतिशय मंद जाळं, मग अमेरिकेचा व्हीपीएन. जून २०१६ पासून ॲपलने फक्त आयपीव्ही-६ असलेल्या जाळ्यावर ॲप चालण्याची सक्ती केलेली आहे. मॅकवर इंटरनेट शेअरिंग लावताना ऑप्शन की दाबून धरली की नॅट-६४ (फक्त आयपीव्ही-६ चालणारं) जाळं तयार करण्याची सोय मिळते. त्यावर फोन जोडून पाहा. स्वतः सॉकेट उघडणारा आणि आयपीव्ही-४ पत्ता कोडात कोरलेला भाग तिथे अडकतो.

५. विचारलेली प्रत्येक परवानगी नाकारा.

६. ॲप आधीच स्टोअरवर असेल तर स्टोअरची आवृत्ती बसवा, लॉगिन करा, थोडा डेटा भरा आणि त्यावर नवा बिल्ड चढवा.

एवढ्यात बहुतेक क्रॅश हाती लागतात. क्रॅश होताच सेटिंगमधल्या प्रायव्हसीत ॲनालिटिक्स डेटाखाली लॉग मिळेल. त्याची रिव्ह्यूअरच्या लॉगशी ओळीला ओळ लावून तुलना करा. दुसऱ्याच जागी फुटलेला क्रॅश सापडला म्हणून खूश होऊ नका. तोही दुरुस्त करायचा आहेच, पण ज्याने नाकारलं तो अजून बाकी आहे.

वारंवार सापडणारे गुन्हेगार

पहिला नंबर सर्व्हरच्या उत्तराचा. भारतातल्या ॲपमध्ये याचं नेहमीचं रूप असं: सर्व्हरपुढच्या फायरवॉलने भारताबाहेरच्या विनंत्या अडवलेल्या असतात, रिव्ह्यूअरला जेसनऐवजी ‘ॲक्सेस डिनाइड’चं एचटीएमएल पान मिळतं, आणि उद्गारचिन्ह लावलेला ‘ट्राय’ त्याचं जेसन करायला जाऊन फुटतो. चाचणीचा सर्व्हर रात्री बंद ठेवण्याची पद्धत असेल तरी हेच होतं, कारण आपली रात्र हा त्यांचा कामाचा दिवस. फायरवॉल उघडणं हा तात्पुरता उपाय. खरा उपाय म्हणजे पहिल्या कॉलचं उत्तर कसंही आलं, किंवा आलंच नाही, तरी ॲपने ‘पुन्हा प्रयत्न करा’चा पडदा दाखवून उभं राहायचं. नाहीतर गावी एसटीत बसलेल्या ग्राहकाला जाळं गेल्यावर तोच क्रॅश भेटतो.

दुसरा, इन-ॲप खरेदी. तुमच्या सँडबॉक्समध्ये (खरेदीच्या चाचणीच्या वातावरणात) उत्पादनांची यादी येते, म्हणून कुणीतरी यादीतलं शून्याव्या क्रमांकाचं उत्पादन सरळ उचलतो. खरेदीची उत्पादनं बिल्डसोबत सबमिट करायची राहिली, किंवा पेड ॲप्सचा करार बँक आणि कराच्या तपशिलांसह पूर्ण नसला, तर यादी रिकामी येते. रिकाम्या ॲरेचा पहिला घटक मागितला की सिगट्रॅप ठरलेला. कोड दुरुस्त करा आणि ॲप स्टोअर कनेक्टमध्ये कराराची स्थितीही पाहा.

वॉचडॉगचा क्रॅश वेगळ्या जातीचा. लाँचला साधारण २० सेकंदांची मुदत असते. तेवढ्यात मुख्य थ्रेड मोकळा झाला नाही की ॲप मारलं जातं. लॉगमध्ये ॲपने वापरलेला सीपीयू वेळ दिलेला असतो. तो शून्याच्या जवळ असेल तर ॲप नुसतं वाट पाहत होतं: मुख्य थ्रेडवर सेमाफोर (थांबवून ठेवणारा अडसर) लावून नेटवर्कच्या उत्तराची प्रतीक्षा, किंवा दोन थ्रेडनी एकमेकांचं कुलूप धरून बसणं. सीपीयू वेळ मोठा असेल तर खरोखर काम चाललं होतं: डेटाबेस मायग्रेशन, मोठी फाइल उलगडणं, पाच-सहा एसडीके (बाहेरच्या कंपन्यांचे तयार कोड) एकापाठोपाठ सुरू करणं. पहिल्या प्रकारात वाट पाहणं असिंक करा, म्हणजे मुख्य थ्रेड न अडवता. दुसऱ्यात काम मागच्या थ्रेडवर न्या आणि पहिला पडदा उमटल्यानंतर सुरू करा. नुसतं ‘टाइमआउट कमी केला’ ही मलमपट्टी आहे.

फ्रेमवर्कच्या बाबतीत टार्गेटच्या जनरल टॅबमध्ये ‘एम्बेड अँड साइन’ हवं तिथे ‘डू नॉट एम्बेड’ राहिलेलं असतं. सिम्युलेटरवर हे लपतं, कारण मॅकवरच्या बिल्ड फोल्डरमधून फ्रेमवर्क सापडून जातं. फाइलच्या नावातलं लहान-मोठं अक्षरही असंच लपतं: मॅकची नेहमीची फाइल सिस्टिम हा भेद करत नाही, फोनची करते. कोडात कॅपिटल ‘एल’ने लिहिलेला लोगो फाइलमध्ये स्मॉल ‘एल’ने असेल तर सिम्युलेटरवर दिसेल आणि फोनवर रिकामा ऑप्शनल परत येईल.

बाहेरच्या एसडीकेंच्या फाइलीही तपासा. फायरबेसची गूगल सर्व्हिस इन्फो ही पीलिस्ट (सेटिंगची फाइल) फोल्डरमध्ये असूनही टार्गेटच्या कॉपी बंडल रिसोर्सेसमध्ये नसली तर कॉन्फिगर करतानाच ॲप पडतं. ॲडमॉबचा ॲप आयडी इन्फो पीलिस्टमध्ये नसला तर एसडीके स्वतःच ॲप पाडतं. ट्रॅकिंगची परवानगी विचारली आणि तिचा कारण सांगणारा मजकूर पीलिस्टमध्ये नाही, तर वर सांगितलेला टीसीसीचा क्रॅश. कॅमेरा, फोटो, संपर्क यांचंही तसंच.

रिलीज बिल्डपुरती एक गंमत आहे, आणि ती सापडायला दिवस जातो. स्विफ्टचं ‘असर्ट’ (अट खरी आहे का हे तपासणारी आज्ञा) रिलीजमध्ये काढून टाकलं जातं, त्याच्या कंसातल्या कोडसकट. कुणी डेटाबेस उघडणारं फंक्शन असर्टच्या कंसात लिहिलं असेल तर डीबगमध्ये डेटाबेस उघडतो, रिलीजमध्ये उघडतच नाही, आणि पुढची ओळ कोसळते. सगळ्या प्रकल्पात असर्ट शोधून आत काही काम तर होत नाही ना हे पाहा. जोडीने डीबगच्या अटीत अडकलेली सुरुवातीची मांडणीही पाहा.

आयपॅडवर खास फुटणारी गोष्ट म्हणजे ॲक्शन शीट. पहिल्याच पडद्यावर भाषा निवडायला ॲक्शन शीट दाखवलीत आणि पॉपओव्हरला आधाराचा व्ह्यू दिला नाहीत, तर आयफोनवर ती खालून वर येते आणि आयपॅडवर एक्सेप्शन येतं. शेअरच्या पडद्याचंही तसंच. दोन ओळींची दुरुस्ती.

ॲप ग्रुपही विसरला जातो. विजेट किंवा एक्स्टेन्शनसाठी ठेवलेल्या सामायिक फोल्डरचा पत्ता वितरणाच्या प्रोफाइलमध्ये ग्रुप नसेल तर रिकामा येतो. क्लाउडकिटचा स्कीमा डेव्हलपमेंटमधून प्रॉडक्शनला चढवायचा राहिला तर तुमच्याकडे रेकॉर्ड मिळतात, टेस्टफ्लाइटवर एरर येतो. आणि कोअर डेटाच्या जुन्या नमुना कोडात स्टोअर उघडलं नाही की ‘फेटल एरर’ अशी ओळ असते. ती तशीच ठेवून मॉडेल बदललंत की अपडेट घेणारा प्रत्येक जण बाहेर फेकला जातो.

तारखांबद्दल मराठी वाचकांनी एक गोष्ट जास्त लक्षात ठेवावी. सर्व्हरची तारीख वाचणाऱ्या किंवा लिहिणाऱ्या फॉरमॅटरला ‘ईएन-यूएस-पॉझिक्स’ लोकेल (भाषा-प्रदेशाची मांडणी) दिलंच पाहिजे. फोन मराठीत ठेवला की फॉरमॅटर देवनागरी आकडे काढतो. सर्व्हरला २०२५-०१-२६ अशी तारीख देवनागरीत पोचते, तो ती नाकारतो, आणि ॲप त्या नकारासाठी तयार नसतं. अँड्रॉइडवरही लोकेल न देता स्ट्रिंग फॉरमॅट केली की हेच. रिव्ह्यूअरचा फोन मराठीत असण्याची शक्यता कमी, पण तुमचे ग्राहक तिथेच आहेत.

फ्लटर आणि रिॲक्ट नेटिव्ह

ही दोन्ही एकाच कोडातून आयओएस आणि अँड्रॉइडची ॲप्स बनवण्याची साधनं. फ्लटरचा डीबग बिल्ड आयओएस १४ पासून होम स्क्रीनवरून उघडत नाही, लगेच पडतो. तो बग नव्हे. चाचणी ‘फ्लटर रन’ला रिलीजचा पर्याय देऊनच करा. रिॲक्ट नेटिव्हमध्ये डीबगला लाल पडदा दाखवणारी जावास्क्रिप्टची चूक रिलीजमध्ये सरळ ॲप पाडते. लॉगमध्ये ‘आरसीटी फेटल’ असं नाव दिसलं तर दोष नेटिव्ह कोडात शोधू नका, जावास्क्रिप्टमध्ये शोधा. मेन जेएसबंडल ही फाइल अर्काइव्हमध्ये आहे का पाहा. बिल्ड सर्व्हरवर ‘ईएनव्ही’ फाइल पोचली नाही म्हणून सर्व्हरचा पत्ताच ‘अनडिफाइंड’ राहणं, हेही नेहमीचंच.

गूगल प्लेवर

तिथे प्ले कन्सोलचा प्री-लाँच रिपोर्ट आधी उघडा. खऱ्या उपकरणांवरचा व्हिडिओ आणि स्टॅक ट्रेस आयता मिळतो. डीबग चालतो आणि रिलीज पडतो तेव्हा संशय आर-८ या कोड आकसणाऱ्या साधनावर. तो क्लास आणि फील्डची नावं बदलतो, मग जीसॉनसारख्या लायब्ररीला जेसनमधली नावं जुळत नाहीत आणि सगळं नल येतं. मॉडेल क्लासना ‘कीप’चे नियम द्या. नेटिव्ह लायब्ररी असतील तर १६ केबी पेज साइझ (मेमरीच्या पानाचा आकार) तपासा: अँड्रॉइड १५ किंवा पुढचं लक्ष्य ठेवणाऱ्या ॲप्ससाठी गूगलने १ नोव्हेंबर २०२५ पासून ही अट लावली आहे. जुन्या एनडीकेने (अँड्रॉइडची नेटिव्ह कोड बनवण्याची साधनं) बनलेली एखाद्या एसडीकेची ‘एसओ’ फाइल तशा उपकरणावर लोडच होत नाही. अँड्रॉइड स्टुडिओचा एपीके ॲनालायझर प्रत्येक फाइलचं अलाइनमेंट दाखवतो.

परत पाठवताना

आवृत्ती तीच ठेवता येते, बिल्ड क्रमांक मात्र वाढवावा लागतो. अपलोड प्रक्रिया पूर्ण झाल्यावर सबमिशनमध्ये जुना बिल्ड काढून नवा निवडा. रिव्ह्यूच्या धाग्यात चार ओळी पुरतात: क्रॅश कशामुळे होत होता, काय बदललं, कोणत्या आयपॅडवर आणि कोणत्या ओएसवर टेस्टफ्लाइटचा बिल्ड तपासला. रागाची किंवा विनवणीची भाषा नको. रिव्ह्यू नोट्समध्ये चालू डेमो खातं द्या. लॉगिन ओटीपीवर असेल तर भारतीय क्रमांकावर जाणारा एसएमएस रिव्ह्यूअरला मिळणार नाही. एक ठरावीक क्रमांक आणि ठरावीक ओटीपी सर्व्हरवर राखून ठेवा आणि रिव्ह्यू संपेपर्यंत तो बंद करू नका. तातडीच्या रिव्ह्यूची विनंती करता येते, पण ती दर वेळी वापरली तर खऱ्या अडचणीत ऐकली जाईलच असं नाही.

अपडेट मंजूर झालं की फेज्ड रिलीज निवडा. सात दिवसांत ते १, २, ५, १०, २०, ५० आणि शेवटी १०० टक्के लोकांपर्यंत आपोआप पोचतं, आणि एकूण ३० दिवसांपर्यंत थांबवून ठेवता येतं. पहिले दोन दिवस ऑर्गनायझरमधले क्रॅश पाहत राहा, कारण दोन वर्षं जुना डेटाबेस बाळगणारा ग्राहक रिव्ह्यूअरच्या टेबलावर नव्हता. थांबवलं तरी ज्यांनी अपडेट घेतलं त्यांच्याकडून ते परत घेता येत नाही, आणि स्टोअरमध्ये जाऊन स्वतः अपडेट दाबणाऱ्याला नवी आवृत्ती मिळतेच.